सांधलेली काच, ठिगळ लावलेला खेळ

७ फेब्रुवारी १८४५ रोजी दुपारी लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये एका तरुणाने दालनातील एक जड दगडी शिल्पखंड उचलला आणि समोरच्या काचेच्या पेटीवर फेकला. पेटी फुटली आणि पेटीतील वस्तूही फुटली. ती वस्तू म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचे, रोमन कारागिरांनी घडवलेले, जेमतेम पंचवीस सेंटिमीटर उंचीचे दोन कानांचे पात्र. गडद निळ्या काचेवर पांढऱ्या काचेचा थर चढवायचा आणि मग तो पांढरा थर हळूहळू कोरून काढीत आकृती उठवायच्या, अशी तिची घडण होती. रोममधील बार्बेरिनी घराण्याकडून फिरत फिरत ते पात्र इंग्लंडातील पोर्टलंडच्या ड्यूक घराण्याकडे आले आणि १८१० मध्ये ठेव म्हणून संग्रहालयात ठेवले गेले. जगातील काचकामाचा सर्वांत मोठा नमुना म्हणून ज्याची ख्याती, त्याचे क्षणार्धात सुमारे २०० तुकडे झाले.

पुढे जे घडले ते व्यापारी घरांतील वाचकांना विशेष वाटावे. त्या वेळच्या इंग्रजी कायद्यानुसार जाणूनबुजून केलेल्या नुकसानीचा खटला फक्त पाच पौंडांपर्यंतच्या वस्तूपुरता चालत असे. पात्र अमूल्य होते, म्हणून त्याबद्दल शिक्षाच होऊ शकत नव्हती! अखेर त्या तरुणावर वरची साधी पेटी फोडल्याचा आरोप ठेवण्यात आला आणि तीन पौंड दंड किंवा दोन महिने कैद अशी शिक्षा झाली. त्याच्याजवळ तेवढेही पैसे नव्हते. काही दिवसांनी कोणी अनामिकाने दंड भरला आणि तो सुटला. त्याच वर्षी पार्लमेंटने कलावस्तूंच्या रक्षणासाठी वेगळा कायदा केला.

पात्राचे मालक, चौथे ड्यूक, यांना दिवाणी दावा लावता आला असता. चौकशीत कळले की तरुणाचे घर अत्यंत गरीब आहे. ज्या वेडेपणाला घरचे लोक जबाबदार नाहीत त्याची झळ त्यांना का लावायची, असा विचार करून ड्यूकने दावा लावलाच नाही. क्षमापनेचे पर्व ज्यांच्या घरी दरवर्षी येते त्यांना या निर्णयाचे मोल वेगळे समजावून सांगायला नको.

आता प्रश्न उरला तुकड्यांचा. संग्रहालयातील जॉन डबलडे नावाच्या कारागिराने ते हाती घेतले. सुदैवाने जोसाया वेजवूड या प्रसिद्ध मृत्तिकाकाराने अर्धशतकापूर्वी त्या पात्राच्या हुबेहूब प्रतिकृती बनवल्या होत्या. त्यासाठी त्याने चार वर्षे घालवली होती. त्या प्रतिकृतीच्या आधाराने डबलडेने सप्टेंबरपर्यंत पात्र उभे केले. ३७ बारीक कपच्या मात्र त्याला कुठे बसवाव्यात हे कळले नाही. या साऱ्या खटाटोपात त्याने आणखी एक गोष्ट केली, ती लहान आहे पण या लेखाचा विषयच तिच्यातून निघतो. पात्राच्या तळाला त्याने साध्या काचेची एक चकती बसवली आणि तिच्यावर हिऱ्याच्या टोकाने कोरून ठेवले: पात्र कोणत्या तारखेला फुटले, कोणत्या तारखेला सांधले गेले आणि सांधणाऱ्याचे नाव काय.

कारागिराला आपले काम लपवता आले असते. त्या काळी दुरुस्ती जितकी न दिसेल तितकी चांगली, असाच समज होता. डबलडेचे सांधेही दुरून दिसत नसत. तरीही पुढच्या माणसाला फसगत होऊ नये म्हणून त्याने तारखा लिहिल्या.

तळाच्या चकतीचे आणखी एक प्रकरण आहे. फुटण्यापूर्वी तिथे निळ्या-पांढऱ्या काचेचीच एक चकती होती. टोपी घातलेल्या एका तरुणाची आकृती तिच्यावर कोरलेली. तो ग्रीक कथांमधला पॅरिस असावा असे मानतात. पण तिची निळाई पात्राच्या निळाईशी जुळत नाही. पात्राचा मूळ तळ निमुळता होत जाऊन टोकदार झालेला असावा, तो कधीतरी तुटला आणि दुसऱ्याच एखाद्या काचवस्तूतून कापलेला तुकडा तिथे बसवला गेला, असे अभ्यासकांचे मत आहे. म्हणजे जे पात्र अखंड म्हणून शतकानुशतके नावाजले गेले तेही मुळात ठिगळ लावलेलेच होते. ते ठिगळ कोणी लावले, कधी लावले, याची नोंद नाही. १८४५ नंतर ती चकती पात्रापासून वेगळी ठेवली जाते.

डबलडेच्या ३७ कपच्यांची गोष्ट तर नाटकात शोभावी अशी. त्या ठेवण्यासाठी ३७ खणांची एक पेटी बनवायला कपच्या एका पेटीकाराकडे दिल्या गेल्या. पेटी व्हायच्या आधीच पेटीकार वारला आणि कपच्या त्याच्या सामानात पडून राहिल्या. शंभर वर्षांनंतर, १९४८ मध्ये, त्या पुन्हा संग्रहालयाच्या दारात आल्या. आणणाऱ्याला त्या कशाच्या आहेत हेही ठाऊक नव्हते. तोवर संग्रहालयाने पात्र विकत घेतले होते. पात्र पुन्हा सुटे करून सांधण्यात आले, पण तेव्हाही फक्त तीन कपच्यांना जागा सापडली. चाळीस वर्षांत तोही डिंक पिवळा पडून ठिसूळ झाला. १९८८-८९ मध्ये नायजेल विल्यम्स आणि सँड्रा स्मिथ या जोडीने पुन्हा पात्र मोकळे केले. ओल्या टिपकागदात गुंडाळून, द्रावकाच्या वाफेत तीन दिवस ठेवून जुना डिंक मऊ केला, एकेक तुकडा स्वच्छ केला आणि इपॉक्सी नावाच्या नव्या रसायनाने पुन्हा जोडला. उरलेल्या बऱ्याचशा कपच्या या वेळी आपापल्या जागी बसल्या. उणे राहिलेल्या जागा निळ्या व पांढऱ्या राळेने भरल्या. प्रत्येक वेळी काय काढले, काय घातले, याची नोंद मात्र नीट ठेवली गेली. म्हणून आज पात्राचे मोल कमी झालेले नाही.

काच सांधण्याची विद्या मोठी अवघड. मातीचे भांडे जोडले की सांधा रंगाने झाकता येतो, लाकूड जोडले की लांबी भरता येते. काचेतून प्रकाश आरपार जातो, त्यामुळे सांधा आतूनही दिसतो आणि बाहेरूनही. काचेत शिरताना प्रकाश जितका वाकतो तितकाच तो जोडणाऱ्या रसायनातही वाकला तर सांधा डोळ्यांना दिसेनासा होतो. म्हणून काचेसाठी वापरायच्या रसायनाचा हा गुण काचेशी जुळवून घेतात. या शोधाने संग्रहालयांचे भले झाले, पण बाजारात त्याने एक अडचणही निर्माण केली. जो सांधा दिसत नाही तो सांगितलाच पाहिजे असे कोणाला वाटेलच असे नाही.

जुन्या काचेच्या बाजारात या लपवाछपवीच्या अनेक तऱ्हा आहेत. पेल्याच्या काठाची कपची उडाली की सारा काठच घासून खाली घेतात. पेला गुळगुळीत दिसतो, पण त्याच संचातील इतरांपेक्षा दोन-तीन मिलिमीटर बुटका होतो. काचेच्या सुरईचे बूच हरवले की दुसऱ्याच सुरईचे बूच घासून बसवतात आणि जोडी मूळची म्हणून विकतात. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात फ्रान्समधील बाकारा, सँ-लुई आणि क्लिशी या कारखान्यांनी बनवलेले, आत रंगीबेरंगी फुले असलेले काचेचे पेपरवेट आज संग्राहक मोठ्या किमतीला घेतात. अशा पेपरवेटवर ओरखडे असतील तर वरचा घुमट पुन्हा झिलईला लावतात. झिलई केलेला पेपरवेट चमकतो, परंतु काच कमी झाल्याने घुमटाची गोलाई बदलते आणि आतले फूल मूळ कारागिराला दिसले होते तसे राहत नाही. काही संग्राहकांना ही झिलई मान्य आहे, काहींना मुळीच नाही. दोघांचेही एका गोष्टीवर एकमत आहे: विकणाऱ्याने ती सांगितली पाहिजे.

जाणकार घेणारा आपली परीक्षा करतोच. तो काठावरून नख फिरवतो. मडके घेताना टिचकी मारून पाहतात तशी टिचकी मारतो. अखंड काच खणखणते, तडा गेलेली बद्द वाजते. अंधारात अतिनील दिवा लावून पाहतो, कारण जोडणारी पुष्कळ रसायने त्या प्रकाशात काचेहून वेगळी चमकतात. पण दहांपैकी नऊ घेणारे असे काही करीत नाहीत. ते विकणाऱ्याच्या तोंडाकडे पाहतात.

तत्त्वार्थसूत्रात अचौर्य अणुव्रताचे जे अतिचार सांगितले आहेत त्यांत ‘प्रतिरूपक व्यवहार’ हा एक आहे. वंदित्तु सूत्रातही हाच दोष आलोचनेसाठी घेतला आहे. प्रतिरूपक म्हणजे अस्सलासारखे दिसणारे पण अस्सल नव्हे ते. तुपात चरबी मिसळणे किंवा सोन्यात तांबे मिसळणे अशी उदाहरणे आपल्या प्रवचनांत नेहमी येतात, पण सूत्राची व्याप्ती त्याहून मोठी आहे. सांधलेला पेला सांधलेला म्हणून विकला तर तो प्रतिरूपक नाही. तोच पेला अखंड म्हणून विकला की झाला. वस्तू एकच, काच एकच, डिंक एकच. दोष वस्तूत नसून ती देताना बोललेल्या, वा न बोललेल्या, शब्दात आहे. इथे आचार्यांची सूक्ष्मदृष्टी नजरेत भरते. त्यांनी याला असत्याच्या सदरात न टाकता चोरीच्या सदरात घातले, कारण घेणाऱ्याच्या पदरचे जे जास्तीचे पैसे जातात ते त्याने दिलेले नसतात, घेतलेले असतात.

आजचा कायदाही फार वेगळे सांगत नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित व्यापार प्रथांची जी यादी आहे, तिच्यात जुना, वापरलेला, डागडुजी केलेला किंवा नव्याने बांधलेला माल नवा म्हणून भासवणे हे स्पष्ट शब्दांत आले आहे. ज्यांच्याकडे दुरुस्त केलेले फ्रीज, मोबाईल वा संगणक यांचा धंदा आहे त्यांनी बिलावर तसा शब्द लिहिला की बरेचसे वाद उंबरठ्याबाहेरच राहतात.

दुरुस्तीला कमी लेखण्याची सवय मात्र आपल्या परंपरेत नाही. जीर्णोद्धाराचे पुण्य नव्या बांधकामाहून आठपट, असे आपल्याकडे सांगतात. शत्रुंजयावरील आदिनाथांच्या मुख्य मंदिराचे तर एकेक उद्धार क्रमांकाने ओळखले जातात. पंधरावा समराशाहांचा, विक्रम संवत १३७१ चा. सोळावा चितोडच्या कर्माशाहांचा, संवत १५८७ चा. आज यात्रेकरू ज्या मूलनायकांसमोर उभे राहतात ती प्रतिमा या सोळाव्या उद्धारातील आहे. मंदिर अनादि आहे असे म्हणतानाही ते कितीदा मोडले आणि कितीदा उभे केले हे कोणी लपवले नाही; उलट ती मोजदाद भक्तीने पाठ केली जाते.

चौदाव्या उद्धाराची कथा प्रबंधांमध्ये येते, ती इथे सांगण्याजोगी आहे. मंत्री उदयन शत्रुंजयावर दर्शनाला गेले असता एक उंदीर दिव्याची पेटती वात तोंडात धरून लाकडी मंदिरात शिरताना त्यांना दिसला. लाकडाचे मंदिर एखाद्या दिवशी राख होईल, या भयाने त्यांनी ते दगडाचे बांधण्याचा संकल्प केला. तो पुरा केला त्यांच्या पुत्राने, बाहड मंत्र्यांनी. मंदिर उभे राहिल्याची वार्ता आली आणि पाठोपाठ त्याला भेग पडल्याचीही वार्ता आली. शिल्पींनी कारण सांगितले की भमतीत, म्हणजे प्रदक्षिणामार्गात, वारा कोंडतो. भमती न ठेवावी तर बांधणाऱ्याचा वंश चालत नाही अशी समजूत. बाहडांनी वंशाची चिंता सोडली आणि भमतीची भिंत भरून काढायला सांगितली. भेग पडल्याचे सांगणारा निरोप्या, कारण सांगणारे शिल्पी आणि किंमत जाणून दुरुस्ती करवणारा मालक, तिघेही या कथेत खरे बोलतात. हिशेबाच्या वहीत चूक सापडली की ती खोडून झाकण्याऐवजी तिच्याखाली दुरुस्तीची नोंद टाकणारे मुनीम याच जातीचे.

आता घरातील पुढच्या पिढीच्या हाती असलेल्या वस्तूकडे वळले पाहिजे. मुले मोबाईलवर वा संगणकावर खेळ उघडतात आणि खेळ सुरू होण्याऐवजी ‘अपडेट होत आहे’ असे अक्षर झळकते. त्या वेळात जे उतरते त्याला पॅच म्हणतात. पॅच म्हणजे ठिगळच. संगणकाच्या पहिल्या काळात आज्ञा भोके पाडलेल्या कागदी पट्ट्यांवर असत. चुकीचे भोक पडले तर त्यावर कागदाचा तुकडा चिकटवून ते बुजवीत, किंवा पट्टीचा तेवढा भाग कापून नवा जोडीत. शब्द तिथून आला आणि कागद गेला तरी राहिला.

मधल्या काळात, म्हणजे विसाव्या शतकाच्या अखेरीस, खेळ प्लॅस्टिकच्या डबीतल्या चिपवर येत. डबी दुकानातून गेली की चूक कायमची. सुधारायची तर पुढच्या खेपेच्या डब्यांमध्ये. कंपन्या ती सुधारणा गाजावाजा न करता करीत. निन्टेंडो या जपानी कंपनीचा ‘द लेजंड ऑफ झेल्डा: ओकरिना ऑफ टाइम’ हा खेळ नोव्हेंबर १९९८ मध्ये आला. त्याच्या एकापाठोपाठ तीन आवृत्त्या निघाल्या. बाहेरून डबी तीच. पहिल्या दोन आवृत्त्यांमध्ये एका अग्निमंदिराच्या प्रसंगी जे संगीत वाजे त्यात इस्लामी प्रार्थनेसारखे पठण होते. ते बाजारात मिळणाऱ्या एका ध्वनिसंग्रहातून घेतलेले होते. धार्मिक संदर्भ टाळण्याच्या कंपनीच्या धोरणानुसार तिसऱ्या आवृत्तीत ते काढले गेले. खलनायकाच्या रक्ताचा लाल रंगही हिरवा झाला. दुसऱ्याच्या श्रद्धेला धक्का लागू नये म्हणून केलेली ही दुरुस्ती स्तुत्यच म्हटली पाहिजे. तरीही संग्राहक आज शोध घेतात तो पहिल्या, न सुधारलेल्या आवृत्तीचा.

‘सुपर मारिओ ६४’ या खेळाचेही तेच झाले. १९९७ मध्ये जपानमध्ये त्याची सुधारित आवृत्ती निघाली. मूळ खेळात नायकाला उलट्या दिशेने उड्या मारीत भलताच वेग घेता येई आणि बंद दारे-जिने ओलांडता येत. ती चूक नव्या आवृत्तीत बुजवली. कमीत कमी वेळात खेळ संपवण्याच्या स्पर्धा करणाऱ्यांना मात्र ती चूकच हवी असते, म्हणून ते जुनी डबी जपून ठेवतात. काचेत तडा गेला की किंमत उतरते. या डब्यांमध्ये तडा राहिला तर किंमत चढते. बाजाराची ही उलटी चाल व्यापाऱ्याने लक्षात ठेवावी, कारण जिथे जुन्या आवृत्तीला जास्त पैसे मिळतात तिथे नवीला जुनी म्हणणाऱ्यांचीही कमी नसते.

जुन्या डब्यांच्या बाजारात काचेच्या बाजारासारख्याच युक्त्या चालतात. अनेक डब्यांमध्ये बटणासारखी लहान बॅटरी असते. खेळणाऱ्याने जिथवर मजल मारली ते तिच्या बळावर लक्षात राहते. वीसपंचवीस वर्षांत ती मरते. डाख काढून नवी बॅटरी डाख देऊन बसवली की डबी पुन्हा चालते. ही दुरुस्ती निर्दोष आहे, आवश्यकही आहे. पण जुन्या खेळाच्या आतला सारा पट्टाच नकली, बाहेर नवे छापलेले लेबल, आणि नाव मात्र अस्सल, असा माल पोकेमॉनसारख्या लोकप्रिय खेळांच्या बाबतीत जगभर विकला जातो. एक डबी दुरुस्त, दुसरी प्रतिरूपक. स्क्रू काढून आत पाहिल्याशिवाय सामान्य ग्राहकाला दोन्हींत फरक कळत नाही, आणि स्क्रू काढू देणारा विक्रेता विरळा.

इंटरनेट घरोघरी आले आणि सारेच बदलले. विकल्यानंतरही माल सुधारता येऊ लागला. ही मोठीच सोय. पण सोयीबरोबर मोह आला: आधी विकावे, मग सुधारावे. पोलंडमधील सीडी प्रोजेक्ट या कंपनीचा ‘सायबरपंक २०७७’ हा खेळ १० डिसेंबर २०२० रोजी बाजारात आला. जुन्या पिढीच्या यंत्रांवर तो इतका अडखळत चाले की आठवड्याभरात सोनीने तो आपल्या ऑनलाइन दुकानातून काढून टाकला आणि ग्राहकांना पैसे परत देऊ केले. जून २०२१ पर्यंत तो तिथे परतला नाही. कंपनीच्या प्रमुखांनी जाहीर क्षमा मागितली, गुंतवणूकदारांच्या खटल्यात तडजोड करावी लागली, आणि सप्टेंबर २०२३ मध्ये २.० क्रमांकाचे मोठे ठिगळ आले तेव्हा कुठे खेळ वचनाप्रमाणे झाला. याच कंपनीने एके काळी पोलंडसारख्या चोरट्या प्रतींनी भरलेल्या बाजारात, अस्सल माल चांगल्या वेष्टनात देऊन ग्राहक मिळवला होता. अशी पेढी घाईत घसरावी, हे व्यापाऱ्याला चटका लावणारे आहे.

‘नो मॅन्स स्काय’ या खेळाचे प्रकरण थोडे निराळे. हॅलो गेम्स या इंग्लंडमधील अगदी छोट्या चमूने तो ऑगस्ट २०१६ मध्ये आणला. अफाट विश्वात कोणीही कोणालाही भेटू शकेल अशी समजूत आधीच्या मुलाखतींतून झाली होती. पहिल्याच दिवशी दोन खेळाडू ठरवून एकाच ठिकाणी पोहोचले आणि एकमेकांना दिसले नाहीत. गदारोळ उठला. जाहिरातींची चौकशी करणाऱ्या ब्रिटिश संस्थेने जाहिरात दिशाभूल करणारी नसल्याचा निर्वाळा दिला, पण लोकांचे समाधान झाले नाही. चमूने त्यानंतर बोलणे जवळजवळ थांबवले आणि काम सुरू ठेवले. जुलै २०१८ च्या मोठ्या सुधारणेत खेळाडू एकमेकांना खरोखर भेटू लागले. पुढेही वर्षानुवर्षे सुधारणा येत राहिल्या, आणि त्यांतील एकीसाठीही जुन्या ग्राहकाकडून पैसा घेतला गेला नाही. एके काळी ज्या खेळावर खरेदीदारांनी शिव्याशापांचा वर्षाव केला त्याच खेळाबद्दल २०२४ पर्यंत त्यांचे एकूण मत अनुकूल झाले. कायद्याने सोडले तरी ऋण फेडायचे, हे त्या चमूने केले. तरी पहिल्या दिवशी पूर्ण किंमत मोजून अपुरा माल घेणाऱ्याची निराशा नंतरच्या कोणत्याही ठिगळाने भरून येत नाही, हेही तितकेच खरे.

चांगल्या कंपन्या प्रत्येक पॅचबरोबर एक टिपण देतात: कोणती चूक होती, ती कशी दुरुस्त केली, आणि कोणती चूक ठाऊक असूनही अजून राहिली आहे. डबलडेच्या चकतीचे हे आजचे रूप म्हणावे. घरातल्या मुलांना ते टिपण वाचायची सवय लावणे वाईट नाही. आपला दोष तारीखवार लिहून लोकांसमोर ठेवणारी यादी त्यांना शाळेच्या पुस्तकात सहसा सापडत नाही.

ठिगळाचा एक प्रकार मात्र कंपन्यांचा नसतो. ‘मदर ३’ हा खेळ निन्टेंडोने २००६ मध्ये फक्त जपानी भाषेत काढला. इंग्रजी जाणणाऱ्या चाहत्यांनी काही वर्षे वाट पाहिली आणि मग क्लाइड मँडेलिन या व्यावसायिक अनुवादकासह एका गटाने स्वतःच भाषांतर केले. ऑक्टोबर २००८ मध्ये त्यांनी ते लोकांना दिले, तेही विनामूल्य. देताना त्यांनी खेळ दिला नाही; दिले ते केवळ ठिगळ, म्हणजे मूळ खेळात कुठे काय बदलायचे याची फाइल. ज्याच्याकडे मूळ खेळ नाही त्याला त्या फाइलचा काहीच उपयोग नाही. दुसऱ्याच्या मालाला हात न लावता त्यावर आपले श्रम अर्पण करण्याची ही रीत होती. अर्थात मूळ खेळ चोरून मिळवणारेही अनेक असणार. त्यांचा हिशेब त्यांच्याकडे. मँडेलिन यांनी तर आपले भाषांतर कंपनीने वापरावे, अशी तयारीही दाखवली होती. कंपनीने ते घेतले नाही. २०२४ मध्ये हा खेळ निन्टेंडोच्या वर्गणीच्या सेवेत पुन्हा आला, पण फक्त जपानमध्ये आणि जपानीतच.